नवव्या थराची चिठ्ठी

हडपसर

भीमेकाठच्या त्या गावाला मुद्दाम जावं असं तिथे काही नाही. किल्ला नाही, नाव काढावं असं देऊळ नाही. सोलापूर सोडून दक्षिणेकडे निघालं की ज्वारीच्या रानांतून एक रस्ता नदीकडे उतरतो आणि गावाच्या अलीकडे एक बुटकं, पांढुरकं टेकाड लागतं. न सांगता कुणी पाहिलं तर मातीचा ढीग समजेल. त्या ढिगाच्या तळाशी चार हजार वर्षांपूर्वी, कदाचित त्याच्याही आधी, माणसं राहत होती. दगडाच्या कुऱ्हाडी घासून गुळगुळीत करणारी, गुरं पाळणारी आणि आपल्या पठाराच्या या भागात पहिल्यांदा काहीतरी पेरणारी माणसं. काय पेरणारी, हा प्रश्न तीस वर्षं उत्तराविना पडून होता. तो माझ्यामुळे पडून होता. गेल्या महिन्यात तिथे जाऊन आलो. तिथली माती, जेवण, माणसं यांच्याबद्दल लिहीनच, पण मी कशाला गेलो हे लपवून लिहिलं तर ते तेव्हासारखंच होईल.

मी नारायण पेठेतल्या एका शाळेत इतिहास शिकवतो. विशीत मात्र मी उत्खननावर होतो. स्नेहल नावाच्या एका तरुण संशोधक बाईंचा फोन आला, तेव्हा नववीचे पेपर तपासत होतो.

"सर, जुन्या नमुन्यांवरच्या चिठ्ठ्या तुमच्या अक्षरात आहेत. टेकाडाचा शेवटचा तुकडा उरलाय. तुमचा खड्डा नेमका कुठे होता ते येऊन दाखवाल? चाचा पण येतायत. हसनचाचा. मार्केट यार्डात सापडले मला. एकाच बसने या ना दोघं."

नाही म्हणायला मला कारण सुचलं नाही.

स्वारगेटला मी सकाळची गाडी पकडली. हडपसरला हसनभाई चढले. मेंदी लावलेली दाढी, खांद्याला कापडी पिशवी, पाठीत किंचित वाकलेले. रांगेत डोकावत डोकावत माझ्यापाशी थांबले.

"दातारभाऊ, केस गेले की तुमचे."

"तुमचे शाबूत आहेत."

"आम्ही कुठे डोकं चालवलं," म्हणाले आणि शेजारी बसले.

त्यांची ओळख करून द्यायला हवी. हसनभाई तेव्हा मार्केट यार्डातल्या भुसार बाजारात एका पेढीवर माल पारखायचे. पोत्यात कोपरापर्यंत हात घालायचे आणि वरचा माल कुठला, खालचा कुठला, जुना किती मिसळला आहे, हे डोळे मिटून सांगायचे. उत्खनन चालवणाऱ्या आमच्या सरांना खोदलेल्या मातीतले जळके दाणे ओळखणारा माणूस हवा होता, म्हणून ते हसनभाईंना घेऊन आले. मातीची पोती पाण्याच्या पिंपात सोडायची, ढवळायची. जळलेला दाणा हलका असतो, तो वर तरंगतो. मग ते पाणी फडक्यातून गाळायचं, दाणे सावलीत वाळवायचे आणि पिंपाचं पाणी बदलून पुढचं पोतं घ्यायचं. हे काम हसनभाईंचं. माझं काम त्याआधीचं. प्रत्येक पोत्यात, माती भरता भरताच, ती कोणत्या थरातली हे लिहिलेली चिठ्ठी टाकायची. एवढंच.

भिगवणच्या पुढे खिडकीतून शाळू दिसू लागला. मुलांना मी शिकवतो की ही ज्वारी मुळात आफ्रिकेतली, गहू-जव वायव्येकडून आले, मिरची तर कालपरवाची. हुलगा आणि मूग मात्र इथले. शेती काही सैन्यासारखी चाल करून आली नाही. कुणाच्या गाठोड्यातून मूठभर बी आलं, कुणी सून म्हणून गेली तर सोबत घेऊन गेली, कुणी गुरांमागे फिरता फिरता नदीकाठी टाकलं आणि उगवलं म्हणून थांबलं. बाहेरून गहू येण्याआधीच इथले लोक स्वतःचं काही पेरत होते, की आल्यावरच शिकले? आमच्या सरांना त्या टेकाडाकडून एवढंच हवं होतं.

"एक विचारू?" हसनभाई म्हणाले. त्यांचा आवाज खाली आला होता. "त्या दिवशी पिंपाचं पाणी मी बदललं होतं का? तुम्ही तिथेच होता."

"इतक्या वर्षांनी कसं आठवणार, हसनभाई."

"हो. तेही खरं." ते बाहेर बघू लागले. "मला आधी पक्कं आठवायचं, बदललं म्हणून. मग सगळे म्हणाले नाही बदललं. मग मलाच वाटायला लागलं की नसेल बदललं. आता खरंच आठवत नाही. म्हणून म्हटलं जाऊन यावं. त्या जागेवर उभं राहिलं तर आठवेल."

मला आठवत होतं. एक पोतं गाळून झालं होतं, मी हात धुऊन नदीवरून परत येत होतो आणि ते पिंप तिरकं करून ओतत होते. ओल्या वाळूत माझा पाय रुतला होता, इतकं आठवत होतं.

सोलापूरला गाडी बदलायची होती. माझं डोकं ठिकाणावर नव्हतं, उतरलो तो हात हलवत. दुसरी गाडी निघाल्यावर लक्षात आलं की माझी बॅग पहिल्या गाडीत राहिली. हसनभाईंनी आपली पिशवी थोपटली. "दोन सदरे आणलेत. एक तुमचा." तीन दिवस मी त्यांच्या सदऱ्यात वावरलो. बाह्या मला आखूड होत होत्या.

पांढरीचं टेकाड

आपल्याकडे जमिनीचे दोन रंग. पेरायची ती काळी, वस्तीची ती पांढरी. माणसं राहिली की चुलीची राख, शेण, पडक्या भिंती, सगळं मिळून माती पांढरी होते, आणि ती शेतात टाकली की पीक जोमात येतं. त्यामुळे जुन्या वस्तीच्या टेकाडाला शेजारची शेतं खातात. हे टेकाड मी शेवटचं पाहिलं तेव्हा त्यावर आमचे आठ तंबू बसले होते. आता एक खोली बसेल एवढा तुकडा होता आणि त्याच्या पायथ्याशी कुदळीचे ताजे घाव होते. तळाचा थर, ज्याला आम्ही नववा म्हणायचो, साफ गेला होता. तिथे हरभरा होता.

स्नेहल टोपी घालून उभी होती. बोलणं भराभर, हातात दोरी.

"सर, तुमचा खड्डा?"

मी बोट दाखवलं. हरभऱ्यात, बुजगावण्यापाशी.

"शिट. म्हणजे नवव्या थराचं आता जगात काहीच नाही. जे आहे ते दोन डब्यांत, आणि ते दोन डबे बाद." ती हसनभाईंकडे वळली. "सॉरी चाचा. तुम्हाला नाही बोलले."

हसनभाईंनी मान हलवली. ते पिंप जिथे होतं ती जागा शोधत होते. बाभळीचं एक खोड सापडलं, त्याच्यापासून पावलं मोजत गेले, थांबले, वाकले, हाताने हवेतच पिंप तिरकं केल्यासारखं केलं. मग तसेच उभे राहिले. मी दुसरीकडे बघितलं.

दुपारचं जेवण सोनाबाईंकडे. सत्तरी ओलांडलेल्या बाई. उत्खननावर त्यांनी पाट्या वाहिल्या होत्या. ओसरीत बाजरीची भाकरी, लसणाचा ठेचा आणि हुलग्याचं माडगं आलं. हुलगे भाजून, दळून, ते पीठ पाण्यात शिजवून केलेलं दाट पेय. आमच्या पेठेत हुलगा आणला तर आधी विचारतील की घरात कोण आजारी आहे. इथे पाहुण्याला पहिलं तेच. मातकट, गरम, वर तिखटाची फोडणी. मी दोन वाट्या प्यायलो.

"पुण्याची मानसं बोलत्यात लई, खात न्हाईत. ह्यो खातोय," सोनाबाई म्हणाल्या आणि मला निरखू लागल्या. "आगं बया, ह्यो तर चिठ्ठ्या लिवनारा. तवा कसा काडीवानी हुता."

"तोच," मी म्हणालो.

"काम कमी आन पवनं जास्त. ऊन कललं की नदीत. वल्ल्या केसांनी यायचा आन मग बसायचा चिठ्ठ्या लिवत. पोती समदी वळीनं हुबी, आन ह्यो आटवून आटवून लिवतोय. मी म्हनायची, आरं लेकरा, आंगुळीला येवडा जीव नगं देऊस."

त्या हसल्या. स्नेहल फोनवर काहीतरी टिपत होती, तिने ऐकलं नसावं. हसनभाईंनी भाकरीचा तुकडा मोडला होता. तो त्यांनी ठेच्यात बुडवला, तोंडात घातला आणि सावकाश चावत राहिले. माझ्याकडे पाहिलं नाही. मला घाम फुटला. सदरा त्यांचा होता, तो पाठीला चिकटला.

त्या दिवशी काय झालं होतं ते इथेच सांगून टाकतो. खड्ड्याच्या एका बाजूला पाचवा थर चालू होता, दुसऱ्या बाजूला नववा. दोन पोती भरली. चिठ्ठ्या मी टाकल्या नाहीत. नदीवरून आलो तेव्हा पोती शेजारी शेजारी उभी होती आणि कोणतं कुठलं ते मला आठवेना. अंदाजाने एकात पाच, एकात नऊ टाकलं. हसनभाईंनी आधी पाचाचं पोतं गाळलं, मग नऊचं पाण्यात सोडलं, दाणे काढले आणि तडक सरांकडे आले. "साहेब, हा गहू तळातला नाही. तळातल्या मातीत राख आहे, पाणी करडं होतं. ही माती काळी उतरली." सरांनी मला विचारलं, चिठ्ठी केव्हा टाकलीस? मी म्हणालो, भरतानाच. सर शांतपणे म्हणाले, मग चिठ्ठी बरोबर आहे, पिंपाचं पाणी बदललं नसेल, आधीच्या पोत्यातला गहू यात आला. हसनभाई म्हणाले, मी बदललं. सरांनी पुन्हा विचारलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा हसनभाई गप्प झाले. दोन्ही नमुने खराब म्हणून डब्यांत बंद झाले, आणि दुसऱ्या दिवशीच्या गाडीने हसनभाई पुण्याला गेले. मी त्यांना गाडीपर्यंत पोचवायला गेलो होतो.

सर गेले त्याला आठ वर्षं झाली. त्यांच्या जिन्यापर्यंत मी दोनदा गेलो होतो.

शाळेची खोली

दुसरा दिवस. गावातल्या शाळेची एक खोली स्नेहलला कामाला मिळाली होती. टेबलावर खापरं, एक भिंग आणि पत्र्याचे दोन डबे, लाखेने बंद केलेले. एकावर पाच, एकावर नऊ. माझं अक्षर तेव्हा चांगलं होतं.

"अहवालाचा मसुदा झालाय," ती म्हणाली. "तुम्हा दोघांची नावं येणारेत. सर, तुम्ही एकदा वाचून बघा." कागद माझ्या हातात देऊन ती दाराशी कुणाशी तरी मजुरांबद्दल बोलायला गेली.

माझं नाव ऋणनिर्देशात होतं. हसनभाईंचं दुसरीकडे होतं.

"काय लिहिलंय माझ्याबद्दल?" त्यांनी विचारलं. त्यांना इंग्रजी येत नाही. "वाचा की."

"तुम्ही धान्याचे जाणकार होता असं लिहिलंय."

"आणि?"

"आणि दोन नमुने मिसळले गेले, म्हणून वापरता येत नाहीत."

त्यांनी कागदावर बोट ठेवलं. "दातारभाऊ, इंग्रजी पाच ओळींचं आहे. तुमचं मराठी दीड ओळीत संपलं. महाग झालंय का मराठी?"

मी वाचलं. शब्दाला शब्द देत वाचलं. पाण्यावर काम करणारा मजूर अप्रशिक्षित होता. त्याने दोन पोत्यांच्या मध्ये पाणी बदललं नाही. त्यामुळे या स्थळावरच्या पहिल्या शेतकऱ्यांचं अन्न काय होतं हे आता कधीही सांगता येणार नाही. खाली कंसात त्यांचं पूर्ण नाव होतं, वडिलांच्या नावासकट.

हसनभाईंनी ऐकून घेतलं. "छापणार हे?"

"हो."

"बरं," ते म्हणाले. कागद माझ्याकडे सरकवत म्हणाले, "अब्बांचं नाव नसतं घातलं तर चाललं असतं."

मी बोललो ते तेव्हा. काही ठरवून नाही. म्हणालो, "तुम्ही पाणी बदललं होतं. मी पाहिलं होतं. चिठ्ठ्या मी नंतर टाकल्या, अंदाजाने. त्या उलट्या पडल्या." स्नेहल दारातून वळली होती. तिला ऐकू जावं म्हणून मी पुन्हा पहिल्यापासून सांगितलं. पोहायला गेलो होतो हेसुद्धा.

माझी कल्पना होती की हसनभाई ओरडतील. ते हात उलटे-पालटे करून बघत होते, स्वतःचेच.

स्नेहल टेबलाशी आली. "सर, तुम्ही इतिहास शिकवता ना?"

"हो."

"छान." एवढंच म्हणाली. पुण्याचीच मुलगी.

मग हसनभाई म्हणाले, "डबे उघडा."

"चाचा, ते बाद..."

"मिसळलं असेल तर दोन्हीत दोन्ही सापडेल. पाण्यात एकदा मिसळलेलं वेगळं होत नाही. उघडून कुणी बघितलं होतं का?"

कुणीच बघितलं नव्हतं. एकदा खराब म्हटल्यावर कोण बघतो? स्नेहलने सुरीने लाख कापली. नऊचा डबा पांढऱ्या कागदावर रिकामा केला: गहू, जव, सगळे कोळशासारखे काळे. पाचाचा दुसऱ्या कागदावर. ती भिंग लावून बसली. चिमट्याने एकेक दाणा बाजूला करत गेली. आम्ही दोघे बाकावर, मुलांच्या उंचीच्या बाकावर, गुडघे छातीशी घेऊन. बाहेर दुसरीची मुलं पाढे म्हणत होती, सात सत्ते एकोणपन्नासला अडकून पुन्हा सातावरून सुरू करत होती.

अर्ध्या तासाने ती मागे टेकली. "हुलगा. मूग. बारीक काहीतरी तृणधान्य आहे, बघावं लागेल. गहू नाही. एकही दाणा नाही." मग तिने पहिला कागद पुन्हा तपासला. त्यात हुलगा नव्हता.

दोन्ही नमुने शुद्ध होते. फक्त नावं उलटी होती. म्हणजे जे पहिले लोक त्या नदीकाठी थांबले त्यांच्या चुलीत काल सोनाबाईंच्या चुलीवर होतं तेच होतं, आणि गहू फार पुढे, कुणाच्या तरी गाठोड्यातून आला होता. "दाण्यांचं वय काढून आणल्याशिवाय मी एक शब्द छापणार नाही," स्नेहल म्हणाली, पण पेन उचललं. मसुद्यातल्या त्या पाच ओळींवर तिने आडवी रेघ मारली. माझ्यापुढे कोरा कागद ठेवला. "लिहून द्या. सही करा. आणि सर, पोहायचं पण लिहा."

मी लिहीत होतो तेव्हा हसनभाई म्हणाले, मला नाही, कागदावरच्या हुलग्यांना म्हणाले, "म्हणजे माझा हात बरोबर होता."

परत

परतीच्या गाडीत ते खिडकीशी बसले. मी दोनदा माफीचं बोलायला गेलो, दोनदा त्यांनी हात वर केला. टेंभुर्णीला गाडी थांबली, चहा आला. तेव्हा म्हणाले, "तेव्हा उत्खननावरून परत आलो, पोत्यात हात घातला, शेठने विचारलं कसा आहे माल, आणि मला सांगता येईना. वाटलं, हा हात चुकतो. दोन-चार वेळा गप्प राहिलो. मग शेठ म्हणाले, हसन, तू पोती शीव. तेव्हापासून सुतळी आणि दाभण." चहा संपवला. "तुमच्यावर मला कधी शंका आली नाही. मला माझ्यावरच आली."

हडपसर आलं तशी ते उठले. "उतरा."

"माझं तिकीट स्वारगेटचं आहे."

"उतरा. शमीमला सांगा. मी सांगून काय उपयोग? ती म्हणेल, म्हातारा मनाची समजूत घालतोय."

दोन खोल्यांचं घर. शमीमभाभींनी उभ्यानेच ऐकलं. मी तिसऱ्यांदा सगळं सांगत होतो. सोपं झालं नव्हतं.

"या माणसाने," त्या म्हणाल्या, "घरात कधी तांदूळ निवडला नाही. ताट पुढे ठेवलं तर उठून जायचा. मी आयुष्यभर आळशी म्हटलं त्याला. पोरांसमोर म्हटलं." पदराने तोंड पुसलं. "तुम्ही आज आलात. बरं झालं. पण मी म्हटलेलं आता मी कुठे नेऊ?"

चहा त्यांनी विचारला नाही. पुण्यात चहा न विचारण्याला लोक हसतात. त्या घरात त्याचा अर्थ वेगळा होता. सदरा धुऊन पाठवतो म्हणालो तर हसनभाई म्हणाले, "सोमवारी मार्केट यार्डात घेऊन या. सकाळी."

भुसार बाजार

सोमवारी गेलो. पेढीवर आता जुन्या शेठचा मुलगा बसतो. हमाल गाडीतून मूग उतरवत होते, हवेत धूळ आणि तागाचा वास. हसनभाईंनी सदरा घेतला, घडी बघितली, कोनाड्यात ठेवला. मग एका उघड्या पोत्यापाशी गेले, बाही कोपरावर सारली आणि हात आत घातला. हमाल थांबून बघू लागले. त्यांच्यापैकी कुणीही हे पाहिलेलं नव्हतं.

डोळे मिटून ते बराच वेळ तसेच राहिले. "खाली जुना माल आहे. गेल्या सालचा."

"नाही, चाचा," शेठचा मुलगा म्हणाला. "एकाच खळ्यावरचा आहे. माझ्यासमोर भरलाय."

पोतं उलटं केलं. मूग वरपासून तळापर्यंत एकसारखा, नवा, हिरवागार.

हसनभाईंनी मूठभर उचलला, बोटांत चोळला, वास घेतला. "हात गेला, दातारभाऊ."

"माझ्यामुळे..."

"ते कळलंय. सारखं सांगू नका, लोकांची कामाची वेळ आहे." ते पुढच्या पोत्याकडे गेले. "याची गाठ सोडा."

मी सोडली. त्यांनी हात घातला, या वेळी अधिक वेळ. काढला. खिशातून जुन्या वहीचा पाठकोरा कागद आणि पेन्सिल माझ्यापुढे धरली. "एकाच गावचा, नवा, थोडा ओलसर. लिहा. संध्याकाळी शेठ सांगेल बरोबर की चूक. रोज बघू. तुम्हाला शाळा दुपारची ना?"

"हो. सकाळी येता येईल."

मी पेन्सिल घेतली आणि कागद टेकवायला काही मिळतंय का ते शोधू लागलो.

"तिकडे कुठे निघालात? इथेच लिहा. पोतं उघडं आहे तोवर."

मी गुडघ्यावर कागद ठेवून लिहिलं. चिठ्ठी मुगावर पडलेली दिसेपर्यंत ते वाकून बघत राहिले. मग त्यांनी दाभण उचललं.